‘संग्रहित’ म्हणजे नेमके कधीचे?

मा. संपादक,
स.न.वि.वि.

एखाद्या नामवंत निवेदकाची पंचाहत्तरी आली किंवा निधन झाले की वाहिन्या त्याच्या जुन्या मुलाखतींचे तुकडे जोडून अर्ध्या तासाचा कार्यक्रम उभा करतात. कोपऱ्यात ‘संग्रहित’ एवढाच शब्द. तिशीत दिलेले उत्तर साठीत बदलले असेल, तर सन नसताना प्रेक्षकाला ते कळायचे कसे?

सन खोक्यावरून घेऊ नये. कॅसेट परत ठेवताना खोकी बदलतात. लेबलवरची तारीखही पुष्कळदा डबिंगची, म्हणजे नक्कल काढल्याची, असते. फितीच्या सुरुवातीची, कलर बारजवळची (चाचणीच्या रंगीत पट्ट्यांजवळची) माहितीची पाटी वाचावी आणि प्रसारणाच्या नोंदवहीशी ताडून पाहावी. चित्रीकरण आणि प्रसारण यांच्या तारखांना वेगळे रकाने हवेत. फितीचा प्रकारही बरेच सांगतो. बीटाकॅम एसपी ही व्यावसायिक व्हिडिओ कॅसेट 1986 मध्ये आली. तिच्यावर 1979 ची मुलाखत सापडली, तर हाती आहे ती नक्कल. मूळ पाऊण इंची यू-मॅटिकवर (त्याआधीच्या कॅसेटवर) किंवा रिळावर असणार, ते शोधावे. चित्राच्या तळाच्या काही ओळी फाटल्यासारख्या थरथरत असतील, तर मध्ये कुठेतरी घरगुती व्हीएचएससारखी फीत येऊन गेली असण्याची शक्यता आहे. संकलक ती पट्टी कापतो आणि तेवढा पुरावाही जातो.

दुसरी तक्रार चेहऱ्यांची. जुन्या टीव्हीचे 4:3 चित्र आजच्या रुंद 16:9 पडद्यावर ताणले की सडपातळ माणूसही गुबगुबीत होतो. 1920×1080 च्या चौकटीत ते 1440×1080 बसवावे, दोन्ही बाजूंना 240 पिक्सेल काळे सोडावेत. त्या काळ्या पट्ट्यांची एवढी लाज का वाटते, कळत नाही. इंटरलेस्ड चित्रातले (एकाआड एक ओळींच्या दोन संचांनी बनलेल्या चित्रातले) एक फील्ड, म्हणजे ओळींचा एक संच, टाकून देणे त्याहून वाईट: उभा तपशील निम्मा होतो, हातवारे झटके खातात.

फीत चिकट झाली असेल तर ‘बघू चालते का’ म्हणून फॉरवर्ड-रिवाइंड करू नये. बाइंडरने, म्हणजे चुंबकीय कण फितीला धरून ठेवणाऱ्या पदार्थाने, ओलावा शोषलेला असतो. चिकट झालेला बाइंडर फीत वाचणाऱ्या हेडवर उतरतो, हेड चोक होते आणि चुंबकीय थर खरवडला जातो. पॉलिएस्टर फीत नियंत्रित ओव्हनमध्ये सुमारे 50 अंश सेल्सिअसला आठ तास किंवा अधिक ठेवून, पूर्ण गार झाल्यावर चालवतात. गुण काही आठवडेच टिकतो, म्हणून यंत्र आणि टाइम बेस करेक्टर (चित्राची थरथर सावरणारे उपकरण) आधी तयार हवेत. ॲसिटेट फीत मात्र कधीही तापवू नये. 10 बिटचे असंपीडित चित्र तासाला साधारण 100 जीबी घेते; एफएफव्ही1 या संपीडन पद्धतीत काहीही न गमावता जागा बरीच वाचते. एमपी4 प्रत बघण्यापुरती ठेवावी.

अमेरिकेत जॉनी कार्सन यांच्या ‘टुनाइट शो’ या मुलाखतींच्या कार्यक्रमाची 1962 ते 1972 ही पहिली दहा वर्षे बहुतांश पुसली गेली, फिती महाग, म्हणून त्यांच्यावरच नवे मुद्रण झाले. आता फितीपेक्षा ती चालवणारी यंत्रे दुर्मीळ आहेत. म्हणून संग्रहाचे काम कपाटाच्या क्रमाने न करता यू-मॅटिकपासून सुरू करावे; नंतरची डिजिटल बीटाकॅम थोडी थांबू शकते.

आपले,
दृकश्राव्य जतनाचे काम करणारे काही तंत्रज्ञ