नव्वद दिवसांचे काय झाले?

निलंबन ही शिक्षा नव्हे, असे नियम म्हणतो. मग सरकारी कर्मचाऱ्याला वर्षानुवर्षे घरी का बसवतात? तीन महिन्यांत दोषारोपपत्र दिले नाही, तर निलंबन पुढे ओढता येणार नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने 2015 मध्ये अजयकुमार चौधरी प्रकरणात बजावले. राज्यानेही 2019 मध्ये तसा जीआर काढला. तरी कर्मचाऱ्याला मॅटची, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाची, पायरी चढावीच लागते. निर्वाह भत्ता सुरुवातीला जेमतेम अर्ध्या पगाराइतका, तोही ‘अन्यत्र नोकरी करत नाही’ असे लिहून दिल्यावर. त्यातच वकिलाची फी भागवायची! लाचखोरांना पाठीशी घाला, असे माझे म्हणणे नाही. पण फाइल दाबून बसलेल्या साहेबांना जाब कोण विचारणार? नव्वद दिवस उलटले की खुलासा त्यांच्याकडूनच मागवावा.

— एक निवृत्त अव्वल कारकून, सातारा