बारा मिनिटं गाळून दाखवलेल्या सिनेमाबद्दल तक्रार

इंदिरानगर, नाशिक
दिनांक : १७ नोव्हेंबर २०२५

प्रति,
मा. व्यवस्थापक,
ग्राहक सेवा विभाग, मुख्य कार्यालय

विषय : शनिवार, ८ नोव्हेंबरच्या संध्याकाळी ७ च्या खेळात सिनेमा मध्येच बंद पडून पुढचा बारा मिनिटांचा भाग गाळल्याबद्दल.

महोदय,

आपल्या कंपनीच्या नाशिकमधल्या चित्रपटगृहात वरील खेळाची नऊ तिकिटं मी आपल्याच ॲपवरून काढली होती. एका तिकिटाचे २२० रुपये, नऊ तिकिटांचे १,९८० रुपये. शिवाय ऑनलाइन बुकिंगचं शुल्क आणि त्यावरचा कर मिळून ३१८ रुपये ६० पैसे. एकूण २,२९८ रुपये ६० पैसे माझ्या खात्यातून गेले. त्या पैशांत जो सिनेमा दाखवायचा होता, त्यातली बारा मिनिटं आपण दाखवली नाहीत. आणि तक्रार केल्यावर ‘चित्रपट पूर्ण दाखवण्यात आला आहे’ असं लेखी कळवलंत. पहिली गोष्ट चूक म्हणून मी समजून घेतली असती. दुसरी समजून घेता येत नाही, म्हणून हे सविस्तर पत्र.

आम्ही चार जोडपी कॉलेजपासूनची मित्रमंडळी. एक जोडपं सिन्नरहून आलं होतं, एक मनमाडहून. आठ जणांनी मिळून कुठेतरी चार दिवस जायचं, हे वीस वर्षं नुसतं ठरतंय. कधी मुलांची दहावी-बारावी, कधी कुणाच्या घरी आजारपण, निघणं काही होत नाही. त्यामुळे घरी थापा मारून गुपचूप सहलीला निघालेल्या लग्न झालेल्या मित्रांचा सिनेमा लागलाय म्हटल्यावर सगळ्यांचं एका दिवसात ठरलं. सोबत माझी आई होती. तिचं वय ७६. कोरोनाच्या आधीपासून तिने थिएटरची पायरी चढली नव्हती. गुडघ्यांमुळे तिला कडेची खुर्ची लागते, ती हक्काने मिळावी म्हणून जादा शुल्क भरून ॲपवर बुकिंग केलं.

आता वेळा लिहिते. त्या अंदाजाने लिहिलेल्या नाहीत. सिनेमाची लांबी आपल्या ॲपवर २ तास १४ मिनिटं दिली आहे. सुरुवातीला सेन्सॉरचं प्रमाणपत्र पडद्यावर येतं, त्यावरही लांबी असते. ते वाचायची माझ्या मिस्टरांना सवय आहे, आणि तिथेही १३४ मिनिटंच होती. प्रमाणपत्र आलं तेव्हा ७ वाजून १२ मिनिटं झाली होती, मी तेव्हाच फोन बंद करून पर्समध्ये टाकला. मध्यंतर ८.२० ला, पुन्हा सुरू ८.३६ ला. लाईट गेली ९.०४ ला, कारण मिस्टरांनी मुलाला ‘इथे लाईट गेलीय, जेवायला थांबू नकोस’ असा मेसेज टाकला त्यावर ती वेळ आहे. ‘सुरू झाला’ हा मेसेज ९.२५ चा. आणि ९.५१ ला शेवटची नावं सुरू झाली, तेव्हा मुलाला गाडी गेटपाशी आणायला सांगितलं. बेरीज करून पाहा. आधी ६८ मिनिटं, मग २८, मग २६. एकूण १२२. नावं थोडी उरली होती म्हणाल, तर ती मिनिटभरात आटोपली आणि दिवे लागले.

लाईट गेल्यावर जिन्यातले दिवे आणि एसी काही सेकंदांत परत आले, म्हणजे जनरेटर चालू झाला होता. पडदा मात्र एकवीस मिनिटं काळा होता. तेवढ्या वेळात आपल्या एकाही माणसाने आत येऊन एक वाक्य सांगितलं नाही.

‘बारा मिनिटांनी काय एवढं बिघडतं’ असं फोनवर आपल्या प्रतिनिधीने मला विचारलं. त्यांना सिनेमा माहीत नसावा, म्हणून सांगते.

या सिनेमात चौघं मित्र घरी वेगवेगळं सांगून निघतात. एक कंपनीचं ट्रेनिंग सांगतो, दुसरा मित्राच्या वडिलांचं ऑपरेशन सांगतो, तिसरा पालखीबरोबर शिर्डीला पायी चाललोय म्हणतो, आणि जातात सगळे कोकणात. चौथ्याने बायकोला खरं ते सांगून टाकलेलं असतं. हे त्या तिघांना माहीत नाही, बाकीच्या तीन बायकांनाही माहीत नाही. फक्त आपल्याला माहीत आहे. शिर्डीवाल्याच्या सासूबाईंनी येताना लाडूचा प्रसाद आणायला बजावलंय. समुद्रकाठी शिर्डीचा लाडू आणायचा कुठून? तर तो रिसॉर्टच्या आचाऱ्याला रात्री उठवून बुंदी पाडायला बसवतो आणि स्वतः कढईशेजारी उभा राहून ‘झारा हलका आपट रे, शिर्डीची बुंदी बारीक असते’ असं कळवळून सांगतो. अख्खं थिएटर खदखदत होतं. आईने डोळे पुसायला रुमाल काढला होता. तेवढ्यात अंधार झाला.

पुन्हा चित्र आलं तेव्हा त्याच रिसॉर्टच्या टेबलाशी सासूबाई बसल्या होत्या, लाडूचा डबा त्यांच्या मांडीवर, चारही बायका पाठीमागे उभ्या आणि जावई खाली मान घालून समोर. कोणी हसलं नाही. मागच्या रांगेतून कुणीतरी ‘अरे, या आल्या कधी?’ असं विचारलं, त्याला उत्तर द्यायला कोणाकडे काही नव्हतं. आई माझ्या कानाशी आली आणि म्हणाली, ‘अगं, मला डुलकी लागली होती का?’ सत्तरी ओलांडलेल्या माणसाला स्वतःच्याच जागेपणाची शंका यावी, याचा मला त्या क्षणी फार राग आला, आणि तो अजून गेलेला नाही.

थापांच्या नाटकात नि सिनेमात एकावर एक वीट रचलेली असते. बबन प्रभूंच्या फार्सवर हसत मोठी झालेली माणसं या गावात भरपूर आहेत, त्यांना हे सांगायला नको. दार उघडायच्या आधी दाराआड कोण आहे हे प्रेक्षकाला ठाऊक असलं, की दार उघडताना हसू येतं. मारामारीच्या सिनेमातला तुकडा गेला तर माणूस पुढचं धरून घेतो. इथे बायका कोकणात पोचल्या कशा, डबा सासूबाईंकडे गेला कसा, हेच गेलं, म्हणजे पुढची सव्वीस मिनिटं आम्ही नुसती माणसं हलताना बघितली.

माझ्या मनाला जास्त लागलं ते त्या चौथ्या मित्राच्या बायकोचं. लग्न झालेल्या पुरुषांच्या सहलीचे विनोदी सिनेमे मी फारसे बघत नाही, कारण त्यांत बायका म्हणजे संशयखोर आणि कजाग, एवढंच असतं. हा तसा नव्हता. सगळं माहीत असलेली ही बाई भिशीत बाकीच्या तिघींसमोर गप्प बसते. नवऱ्याचा विश्वास मोडायचा की मैत्रिणींचा, हे तिचं तिलाच ठरवायचं आहे. एका प्रसंगात ती चहाचे कप विसळताना एकच कप तीनदा विसळते, तोंडाने एक शब्द नाही. शेवटी ती बोलली असणार, म्हणून तर सगळ्या तिथे पोचल्या. ती का बोलली, काय बोलली, ते आम्हाला दिसलंच नाही. कुणीतरी ते लिहिलं, एका नटीने ते केलं, आणि ते गाळायचा अधिकार आपल्या चित्रपटगृहाला कोणी दिला नव्हता.

माझे मामा, म्हणजे आईचे धाकटे भाऊ, नाशिकमध्येच एका पडद्याच्या थिएटरात ऑपरेटर होते. लहानपणी मी त्यांच्या केबिनमध्ये स्टुलावर बसून सिनेमे पाहिलेत. पट्टी तुटली की खालून शिट्ट्या आणि ‘रीळ कापलं, रीळ कापलं’ असा गलका सुरू व्हायचा. मामा मान वर न करता दोन्ही टोकं सरळ कापायचे, ब्लेडने खरवडायचे, फिल्म चिकटवायच्या द्रवाचा, ज्याला ते सिमेंट म्हणत, एक थेंब लावून अंगठ्याखाली दाबून धरायचे. सिमेंटचा तो उग्र वास मला अजून आठवतो. जोड धरला की जमेल तेवढं मागून पुन्हा लावायचे, म्हणजे माणसाला धागा सापडावा. दादासाहेब फाळक्यांनी १९१३ साली मुंबईहून आपलं बस्तान इथे आणलं, त्या गावात प्रेक्षकाचं रीळ कापून कसं चालेल, असं ते म्हणायचे. हजार फुटांचं एक रीळ जेमतेम अकरा मिनिटं चालायचं. म्हणजे आपण त्या दिवशी एक पूर्ण रीळ आणि वर थोडं गाळलंत. आईला मी डुलकी लागली नव्हती असं सांगितल्यावर ती लगेच म्हणाली, ‘मग रीळ खाल्लं गं यांनी.’

आता रीळ नसतं हे मला माहीत आहे. सिनेमा सर्व्हरवर असतो. वीज गेली की सर्व्हर आणि प्रोजेक्टर पुन्हा चालू व्हायला वेळ लागतो, तेही मान्य. पण जिथे थांबलं तिथून, किंवा दोन मिनिटं मागून लावणं हे मामांच्या कामापेक्षा कितीतरी सोपं आहे. कापायचं नाही, जोडायचं नाही, फक्त वेळ बघून लावायचं. पुढे नेलं ते कुणीतरी हाताने नेलं. दारावरच्या मुलाला मी विचारलं तेव्हा त्याने खाली बघत सांगितलं, ‘मॅडम, पुढचा शो सव्वादहाचा आहे, वरून तसं सांगितलं.’ या मुलावर कृपा करून काही कारवाई करू नका. त्या संध्याकाळी तिथे खरं बोललेला तो एकटाच माणूस होता. व्यवस्थापक भेटले नाहीत. काउंटरवर आम्हा नऊ जणांना पॉपकॉर्नची चार कुपनं पुढे केली, मुदत सात दिवस. ती मी घेतली नाहीत.

रविवारी मी ई-मेल केला. मंगळवारी ‘आपला अभिप्राय आमच्यासाठी मोलाचा आहे’ असं छापील उत्तर आलं. शुक्रवारी दुसरं आलं, की खेळ रद्द झालेला नसल्याने पैसे परत देता येत नाहीत, आणि आपल्या नोंदीनुसार चित्रपट पूर्ण दाखवला गेला. डिजिटल सर्व्हर कोणता सिनेमा किती वाजता सुरू झाला, कुठे थांबला, पुन्हा कुठून चालला याची नोंद ठेवतो. मला त्या खेळाची ती नोंद हवी आहे. त्यात सलग १३४ मिनिटं दिसली, तर मी आपली जाहीर माफी मागेन.

‘पुन्हा येऊन बघा’ असंही फोनवर सांगण्यात आलं. सोमवारी मी ॲप उघडलं, तर त्या सिनेमाचा एकच खेळ उरला होता, रात्री १०.५० चा. मराठी सिनेमाला मुळात खेळ थोडे मिळतात, ते आठवड्यात अशा वेळेला सरकतात की घरच्या माणसांना घेऊन जाता येत नाही, मग ‘प्रेक्षकच येत नाहीत’ म्हणून उतरवतात. आले होते प्रेक्षक. त्या शनिवारी पुढच्या दोन रांगा सोडल्या तर थिएटर भरलेलं होतं.

ग्राहक संरक्षण कायदा, २०१९ च्या कलम २(११) मध्ये सेवेतील त्रुटीची व्याख्या दिली आहे, ती आपल्या विधी विभागाला माहीत असेलच. याच कायद्याने ग्राहकाला तो राहतो त्या जिल्ह्यातल्या ग्राहक आयोगाकडे तक्रार करता येते आणि पाच लाखांपर्यंतच्या व्यवहाराला शुल्क लागत नाही. राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनच्या १९१५ या क्रमांकावर नोंद करण्याआधी आपल्याला एकदा थेट लिहावं असं मला वाटलं. आजपासून पंधरा दिवसांत उत्तर आलं नाही, तर मी नाशिकच्या जिल्हा आयोगाकडे जाईन. सिन्नर आणि मनमाडची मंडळी सही करायला तयार आहेत.

पैसे मला हवेत, बुकिंगच्या शुल्कासकट, आणि फक्त मला नकोत. त्या खेळाला ज्यांनी ॲपवरून तिकिटं काढली, त्या सगळ्यांचे मोबाईल नंबर आपल्याकडे आहेत. त्यांना एक मेसेज जावा, की अमुक भाग दाखवायचा राहिला, त्याबद्दल दिलगीर आहोत, पैसे परत येतील. काउंटरवर तिकीट काढलेल्यांसाठी दाराशी फलक लावावा. आणि नाशिकच्या चित्रपटगृहात एवढा नियम लेखी करावा, की सिनेमा बंद पडला तर दहा मिनिटांच्या आत कुणीतरी आत येऊन सांगेल आणि पुन्हा लावताना दोन मिनिटं मागून लावेल, मग पुढचा खेळ उशिरा सुरू झाला तरी चालेल.

याशिवाय, सिनेमा उतरायच्या आत एक दुपारचा खेळ लावून त्या दिवशीच्या प्रेक्षकांना बोलवता आलं, तर मला पैशांपेक्षा ते जास्त आवडेल. आई रोज विचारते, तो डबा सासूबाईंच्या हाती लागला कसा. तिला तीनच्या सुमाराचा खेळ चालेल. कडेची खुर्ची लागेल, आणि जिन्यापर्यंत एखादा माणूस सोबत.

आपली,
एक ग्राहक, इंदिरानगर, नाशिक

सोबत : तिकिटं व पैसे भरल्याची पावती, तिन्ही मेसेजच्या प्रती, आपली दोन्ही उत्तरं.