करवत आणि टीव्हीचं दीड मिनिट

पुणे

चि. सोहम,
अनेक आशीर्वाद.

टीव्हीच्या स्पर्धेत करवत गजाने वाजवून गाणं सादर करायला दीड मिनिट मिळालंय म्हणतोस. त्यातले पहिले दहा सेकंद लोक करवत बघून हसणार, ते धरूनच चाल. उरलेला वेळ सूर लागला तरच तुझा.

दुसरी करवत बोहरी आळीत बघ. पातं २६ ते ३० इंच, पातळ. दुकानातच इंग्रजी ‘एस’सारखं वाकवून मधल्या सपाट जागी बोटाच्या पेराने ठोक. नाद रेंगाळला तर घे, ‘थड्’ वाजलं तर खाली ठेव. पातं ताठ असेल तर अंगठा भरून येतो आणि वरचे सूर निघतच नाहीत. मुठीचे स्क्रू आवळून घे. ढिले राहिले की सुरामागे झर्रझर्र येते.

वाक वाढवला की सूर चढतो आणि नाद देणारी ती सपाट जागा टोकाकडे सरकते. व्हायोलिनचा गज तिच्यामागे न्यायला उशीर झाला की नुसती खरखर. पाय हलवून आंदोलन देतोस ते निम्मं कर, भुताची मालिका वाटते.

गाणं संथ भावगीतच घे. आधीचा सूर विझायच्या आत पुढचा लागतो, त्यामुळे मींड सुरेख येते आणि तानांचा चिखल होतो. पट्टी ठरवताना तळाचे तीन-चार सूर सोडून दे. तिथे वाक जवळजवळ नसतो, नाद बसतो. साथीचा ट्रॅक त्याच पट्टीत करून घे.

साउंडवाल्याला आधीच गाठ. कॉलरचा माइक नको, तो कपड्यांची सळसळही उचलतो. स्टँडवरचा माइक पात्यापासून फूटभर ठेवायला सांग. नॉइज गेट, म्हणजे बारीक आवाज आपोआप तोडणारी सोय, बंद करायला लाव, नाहीतर विझत जाणारा सूर मध्येच कापला जाईल. रिव्हर्ब, म्हणजे घुमारा, अगदी थोडा. एका कानात ट्रॅक, दुसरा कान करवतीला मोकळा.

मुंबईच्या दमट हवेत पात्याला तेलाचा हात लागतोच, पण वाजवण्याआधी कड स्पिरिटने पूस. तेलकट कडेवर गज नुसता घसरतो. मग गजाला आणि कडेलाही रोझिन, म्हणजे राळ, लाव. दातांवर चिकटपट्टी लावून नाद मारू नकोस. प्रवासापुरती बागेची पाइप उभी चिरून दातांवर बसव.

टायनी टिम हा अमेरिकन गायक १९६८ मध्ये ‘लाफ-इन’ या टीव्ही कार्यक्रमातून घराघरात पोचला. हातात युकुलेली (छोट्या गिटारसारखं वाद्य), गळ्यात तो किनरा आवाज. १९६९ च्या डिसेंबरात त्याचं लग्नसुद्धा ‘टुनाइट शो’मध्ये लागलं! जुन्या गाण्यांचा त्याचा साठा प्रचंड होता, पण लोकांनी लक्षात ठेवला तो फक्त किनरा आवाज. टीव्हीला गंमत हवी असते, ती दे. पण दुसऱ्या फेरीसाठी वेगळ्या चालीचं गाणं आत्ताच बसवून ठेव. तेच पुन्हा वाजवलंस तर परीक्षकांच्या आधी प्रेक्षकच कंटाळतील.

कार्यक्रमवाले तुला सुताराचा वेष देतील, सुरुवातीला ओंडका कापायलाही सांगतील. वेष घाल. ओंडक्यासाठी मात्र त्यांच्याकडूनच वेगळी करवत मागून घे. पातं लाकडात अडकून एकदा मुरडलं की त्या जागेचे सूर पुन्हा येत नाहीत.

तुझी,
आई