खंबाटकीतली डुलकी

सातारा, रविवार रात्र

चि. मनू,
अनेक आशीर्वाद.

सकाळी तू न बोलता गेलीस. गाडी गल्लीच्या टोकाला वळेपर्यंत मी दारात उभी होते, पण तू काच खाली केली नाहीस. खंबाटकीत तुला डुलकी लागली आणि चाक कठड्याला घासलं, हे मला तुझ्याकडून कळायला हवं होतं. चहा पिता पिता तुझ्या असिस्टंटच्या तोंडून नव्हे. सलग 22 तास गाण्याचं शूटिंग, आणि मग स्वतःच गाडी चालवायची! मी ओरडले, मान्य. त्या पोरासमोर ओरडायला नको होतं.

पण हे पत्र त्यासाठी नाही. पहिला सिनेमा मिळाला, त्याबद्दल मी धड बोललेच नाही. सहा वर्षं गाण्यांसाठी कॅमेरा केलास. गाण्यात शॉट दोन-तीन सेकंदांचा, पण सिनेमात एकच प्रसंग चार दिवस चालतो आणि चारही दिवस खिडकीतलं ऊन एकाच वेळचं दिसावं लागतं, असं तू सांगत होतीस. मला मेणवली आठवली. ‘स्वदेस’चं शूटिंग चालू होतं, बाबांनी स्टुडिओ बंद ठेवून आपल्याला स्कूटरवरून नेलं. सगळी पोरं शाहरुखसाठी टाचा उंच करत होती आणि तू विचारत होतीस, ते काका पांढरा कपडा धरून उन्हात का उभे आहेत? पुढे त्या सिनेमाच्या छायालेखनासाठी महेश आणे यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, ते कात्रण बाबांनी डार्करूमच्या दाराला चिकटवलं होतं.

आणि तो आरसा! ‘कागज के फूल’मधला उन्हाचा झोत व्ही. के. मूर्तींनी दोन आरशांनी आत आणला, असं बाबांनी सांगितलं मात्र, दुसऱ्या दिवशी तू कपाटाचा आरसा अंगणात ओढलास. आजी सुपात तांदूळ निवडत होती. कवडसा तिच्या हातावरून सरकत चेहऱ्यावर आला, तशी ती डोळे मिटून शिव्या घालायला लागली. तू हललीही नाहीस. तुझ्या तोंडावर तेव्हा जे होतं, ते काल सिनेमाचं सांगताना मला पुन्हा दिसलं.

आता एक ऐक. शिफ्ट 12 तासांची ठरली असेल तर तेरावा तास लागल्यावर बोलायला शिक. तू कॅमेऱ्याची प्रमुख आहेस. तू थांबलीस तर लाइटमन, फोकसवाला, सगळ्यांच्याच पाठी टेकतील. संकोच करायचा नाही, पुढचं काम जाईल म्हणून भ्यायचं नाही, आणि जेवण... बघ, परत सुरू झालं माझं. रागावू नकोस. तुझं काम तुला कळतं.

पण कोरेगावच्या लग्नाची ऑर्डर आटपून रात्री अडीचला स्कूटरला किक मारताना बाबाही फोनवर हेच म्हणाले होते, अगं, एवढंसं तर अंतर आहे.

पोचल्याचा मेसेज मिळाला. कंदी पेढ्यांचा डबा मागच्या सीटवर आहे, युनिटमध्ये वाट. मोती चौकातल्या गाळ्याचं भाडं दर महिन्याला येतंच, मला एकटीला ते काय करायचंय? शूटिंग संपेपर्यंत रात्रीच्या ड्रायव्हरचे पैसे त्यातून मी देणार आहे. नाही म्हणू नकोस.

तुझी,
आई