खलनायिकेच्या भूमिकेबद्दल

चि. सायली,

अनेक आशीर्वाद.

बाळंतपणानंतरची पहिली भूमिका आली आणि तीही खाष्ट आत्याची, म्हणून तू खट्टू झालीस. नायिकेची कामं संपली असं म्हणालीस. तेव्हापासून माझ्या मनात चिनी सिनेमातली नटी चेंग पेइ-पेइ घोळते आहे.

ती शांघायची, 1946 चा जन्म. लहानपणापासून नृत्य शिकलेली. हाँगकाँगच्या शॉ ब्रदर्स या चित्रपट कंपनीकडे आली आणि 1966 साली दिग्दर्शक किंग हूच्या ‘कम ड्रिंक विथ मी’ या चित्रपटात तलवार घेऊन उभी राहिली तेव्हा जेमतेम विशीची होती. त्यातला खानावळीतला प्रसंग जरूर बघ. पुरुषी वेशात एकटी बसलीये, भोवती गुंड जमतात, खोड्या काढतात. ती जागची हलत नाही, नजर तेवढी फिरते. मग एकदम हात चालतो आणि पुन्हा सगळं स्थिर. पेकिंग ऑपेराचा, म्हणजे चिनी संगीत नाटकाचा ताल किंग हूच्या अंगात भिनलेला, म्हणून त्याला नाचणारीच मुलगी हवी होती. तुझं कथक वाया गेलं असं तू म्हणतेस ना, म्हणून हे मुद्दाम लिहिते.

पुढे काही वर्षांतच लग्न करून ती कॅलिफोर्नियाला गेली. मुलं वाढवली, नृत्य शिकवलं.

आणि 2000 साली, पन्नाशी उलटल्यावर, दिग्दर्शक अँग लीच्या ‘क्राउचिंग टायगर, हिडन ड्रॅगन’ या चित्रपटात ती आली ती जेड फॉक्स होऊन. जिला लोक तलवारीची राणी म्हणायचे, तिनं खुनी, विषारी म्हातारी रंगवली. पण त्या बाईचं दुःख ऐक. गुरूनं तिला शेजेला घेतलं, युद्धविद्या मात्र बाई म्हणून नाकारली. तिनं त्याला विष घातलं, त्या विद्येचा ग्रंथ पळवला. ग्रंथातलं लिखाण तिला कळेना, म्हणून नुसती चित्रं बघून शिकली. तिच्या शिष्येला मात्र वाचता येत होतं. ती केव्हाच पुढे निघून गेली आणि जेड फॉक्सपासून ते लपवत राहिली. हे उघड होतं तेव्हा चेंगचा चेहरा बघ. रागाच्या आधी तिथे अपमान येतो, त्याच्याही आधी भीती. विशीतल्या नायिकेला हे जमलं नसतं, असं मला ठाम वाटतं.

2020 च्या ‘मुलान’मध्येही ती होती, छोट्याशा भूमिकेत. 2024 च्या जुलैत गेली.

तुझ्या त्या आत्याला कुणी काय नाकारलं, ते संहितेत शोध. सापडलं नाही तर लेखकाला सरळ विचार, संकोच करू नकोस. तालमी संध्याकाळच्या असतील तर बाळाला मी सांभाळीन. बाबांचं जेवणाचं मी बघते, त्याची काळजी नको. तारखा कळव, म्हणजे गाडीचं आरक्षण करता येईल.

तुझी,
आई