बाई, तुमच्या शाईच्या थेंबाबद्दल

आदरणीय बाई,

सप्रेम नमस्कार.

फोनवर आभार मानायला गेलं की तुम्ही "त्यात काय एवढं" म्हणता आणि माझ्या तब्येतीची चौकशी सुरू करता. म्हणून हे पत्र सगळ्यांना वाचता येईल असं लिहिते आहे. कादंबरी आता पूर्ण झाली आहे, आणि तिच्यात जे उभं राहिलं आहे त्यातलं किती तुमचं आहे, हे वाचणाऱ्याला कळलं पाहिजे.

मी शाळेत तुमच्या वर्गात कधीच नव्हते. एका मैत्रिणीने माझा कच्चा खर्डा तुमच्यापर्यंत पोचवला, "भौतिकशास्त्राच्या निवृत्त बाई आहेत, चुका सांगतील" एवढंच म्हणून. काळाचा अभ्यास करणारी एक काल्पनिक अकादमी, डोंगरकड्यावरचा उंच मनोरा, तळघरात जुनी यंत्रं, आणि काळाला हवं तसं वळवणारे आचार्य, असा तो सगळा पसारा होता. तीन आठवड्यांनी खर्डा परत आला. समासात पेन्सिलीने बारीक अक्षरात टिपणं होती, आणि पहिल्याच पानावर एक प्रश्न होता : "तुमच्या अकादमीत काळ मोजतात कशाने?"

त्या प्रश्नाला माझ्याकडे उत्तर नव्हतं. साडेतीनशे पानं काळावर लिहिली होती आणि एकाही पात्राने काळ मोजला नव्हता.

मग तुम्ही मला बोलावून घेतलंत. जुन्या अ‍ॅल्युमिनियमच्या वाटीला तळाशी खिळ्याने भोक पाडून ती पाण्याने भरलेल्या पातेल्यात सोडलीत. घटिकापात्र, म्हणजे जुन्या काळचं पाण्याचं घड्याळ : वाटी भरून बुडाली की एक घटका झाली. दिवस-रात्र मिळून ६० घटका, म्हणजे एक घटका २४ मिनिटांची. एका घटकेची ६० पळं. आपली वाटी सात मिनिटांतच बुडाली. तुम्ही भोक मेणाने थोडं बुजवलंत, पुन्हा सोडलीत. अकरा मिनिटं. पुन्हा मेण. चौथ्या खेपेला ती तेविसाव्या मिनिटाला काठाशी आली, क्षणभर अडली आणि आवाज न करता खाली गेली. 'घटका भरली' हे शब्द मी आयुष्यभर वापरत आले होते, पण घटका भरताना त्या दिवशी पहिल्यांदा पाहिली. "पहिल्या वर्षाच्या मुलांना हेच काम द्या," तुम्ही म्हणालात. "स्वतःची घटका स्वतः करायची. जमेपर्यंत पुढच्या वर्गात जायचं नाही." आता दुसरं प्रकरण तेच आहे, आणि माझ्या मते पुस्तकातलं ते सगळ्यात चांगलं प्रकरण आहे.

मनोऱ्याचंही तसंच. वरच्या मजल्यावरचे विद्यार्थी लवकर म्हातारे होतात, असं मी निव्वळ कल्पनेने लिहिलं होतं. तुम्ही ते खोडाल अशी भीती होती. तुम्ही उलट शेजारी बरोबरची खूण केलीत आणि खाली गणित मांडलंत : उंचीवर काळ खरंच किंचित वेगाने सरकतो; मनोरा १०० मीटर उंच धरला, तर वरचं घड्याळ वर्षाला मायक्रोसेकंदाच्या, म्हणजे सेकंदाच्या दहा लाखाव्या भागाच्या, सुमारे एक तृतीयांश एवढं पुढे जाईल. २०१० मध्ये अमेरिकेतल्या शास्त्रज्ञांनी दोन अणुघड्याळांपैकी एक फक्त ३३ सेंटिमीटर वर उचललं आणि तेवढ्यानेही पडलेला फरक मोजला, हेही तुम्हीच सांगितलंत. "जे आहे तेच वाढवा, जे नाही ते आणू नका." हे वाक्य मी टेबलासमोर लावून ठेवलं आहे.

चुकाही होत्याच. जड लंबक सावकाश हलतो, असं माझा एक आचार्य ठासून सांगत होता. तुम्ही दोऱ्याला आधी बटण आणि मग कुलूप बांधून लांबी तेवढीच ठेवलीत आणि मला झोके मोजायला लावलेत. तो आचार्य आता पुस्तकात नाही. १५८२ मध्ये ग्रेगरियन दिनदर्शिका लागू करताना ४ ऑक्टोबरनंतर थेट १५ ऑक्टोबर आला, त्यात 'हरवलेले' दहा दिवस अकादमीच्या एका दालनात जपून ठेवल्याचं मी लिहिलं होतं. तुमचं टिपण होतं, "तारखा गेल्या, कुणाच्या आयुष्यातला दिवस गेला नाही." दालन ठेवलं आहे, पण आता त्यात फक्त कोऱ्या दिनदर्शिका आहेत.

पण खरं ऋण आहे ते त्या संध्याकाळचं. नायिका भूतकाळात जाऊन भावाला वाचवते, तो शेवट माझ्याच्याने सोडवत नव्हता आणि पटतही नव्हता. तुम्ही काहीच बोलला नाहीत. माझ्या मोबाइलवर आधी हलत्या लंबकाचं चित्रण केलंत आणि ते उलटं चालवून दाखवलंत. मला फरक ओळखता आला नाही. मग पेल्यात पाणी घेऊन शाईचा एक थेंब सोडलात. निळा धागा खाली उतरला, त्याला फाटे फुटले, पाणी फिकट निळं झालं. तेही उलटं चालवलंत. सगळी निळाई गोळा होत होत थेंब वर उठला, आणि हे खोटं आहे हे पाहताक्षणी कळलं. "लंबकाला मागेपुढे नाही. थेंबाला आहे," तुम्ही म्हणालात. "तुमचा भाऊ यातला कोणता?"

त्या रात्री घरी येऊन मी शेवटची साठ पानं काढून टाकली. अकादमीचे दोन भाग झाले : एक लंबकाचा, एक शाईचा. नायिका लंबकाच्या शाखेत प्रवेश घेते आणि पुढे स्वतःहून शाईच्या शाखेत जाते. भाऊ परत येत नाही. ती त्याच्या आठवणी लिहून काढते, आणि ते लिहिताना मी रडले, जे आधीच्या शेवटाच्या वेळी एकदाही झालं नव्हतं.

छापील प्रत पुढच्या आठवड्यात तुमच्या हातात देईन. सोबत जुना खर्डाही आणते आहे. त्याच्या एका पानावर त्या संध्याकाळचा शाईचा डाग अजून आहे. आणि बाई, पेन्सिल तयार ठेवा. दुसऱ्या भागाची पहिली चाळीस पानं झाली आहेत.

तुमची,
तुमच्या वर्गात उशिरा बसलेली विद्यार्थिनी