ताई, मावशीची लावणी तुझ्यामुळे राहिली

प्रिय ताई,

नाव लिहू नकोस असं तू बजावलंस, म्हणून नुसतं ताई. आभार मात्र चारचौघांत मानणार आहे.

माझी मावशी मोडनिंबला संगीतबारीत, म्हणजे लावणी गाणाऱ्या-नाचणाऱ्या बायकांच्या पार्टीत, गायची. तिची बैठकीची लावणी टिपायला तुझ्याआधीही लोक आले होते. दिवे लावले, 'बाई, जरा नाचून दाखवा' म्हणाले आणि तासाभरात गेले. तू पहिल्या खेपेला कॅमेरा आणलाच नाहीस. पिशवीत फक्त तुझे चाळ होते. मावशीपुढे बसून म्हणालीस, "मला आधी शिकवा."

आठ महिने दर शनिवारी पुण्याहून एसटीनं यायचीस. ओळ एकच, तिच्यावर आधी रुसवा, मग लटका राग, मग आर्जव, आणि हे सगळं बसल्या जागी, नजरेनं, बोटांनी, पदराच्या टोकानं. तुझं कथक आडवं यायचं. मावशी म्हणायची, "हात लई साफ येतोय गं पोरी. जरा मळू दे." पेटीवाले मास्तर आजारी पडले तेव्हा पेटीवर तूच बसलीस.

मग चित्रीकरण झालं. मी दिवा धरून उभी होते. अदा यायच्या आधीच तुझा कॅमेरा तिथं पोचलेला असायचा. भुवई कधी उचलली जाणार, हे तुला मावशीच्या श्वासावरून कळायचं. संकलनातही एक ओळ अर्ध्यात तोडली नाहीस. जिथं कापलंस तिथं समेवर, तालाच्या पहिल्या मात्रेवर. फिल्म बघून ढोलकीवाल्या काकांनी पहिलं हेच ओळखलं.

वाईच्या लावणीगायिका यमुनाबाई वाईकरांना २०१२ मध्ये पद्मश्री मिळाली, तेव्हा मावशीनं सगळ्या पार्ट्यांना पेढे वाटले होते. आपल्यातल्या बाईला मान मिळाला, याचंच तिला अप्रूप. स्वतःला असं काही मिळेल, हे तिच्या मनातही नव्हतं. तू नामावलीत तिचं नाव 'गुरू' म्हणून आधी घातलंस, तुझं त्याखाली. मानधन दोघींना सारखं. पहिल्या खेळाला तिला तुझ्या शेजारी मंचावर बसवलंस. कॉलेजात मी 'मावशी गावाकडे असते' एवढंच सांगायचे. त्या संध्याकाळी शेजारच्या अनोळखी बाईंना मी आपणहून सांगितलं, ती माझी मावशी.

फिल्म तासाभराची, पण तू आम्हाला सगळं चित्रीकरण हार्ड डिस्कवर दिलंस. ते कुणी देत नाही, ताई. मार्चमध्ये मावशी गेली. त्यात तिच्या अकरा लावण्या आहेत, चार तर आता आमच्यात कुणालाच येत नाहीत.

त्या चारांतली पहिली मी शिकायला घेतलीय. दुसऱ्या अंतऱ्याला हात अडतो. पुन्हा पुन्हा मागं नेऊन बघते, तरी मनगट कुठून वळतं ते सापडत नाही. तुला ते तिनं हात धरून शिकवलंय.

येत्या शनिवारी येशील? पेटी काढून ठेवते.

तुझी,
मावशीची भाची